कान देऊन ऐकणे: तीन ते आठ वर्षांच्या मुलांसाठी आवाज ओळखण्याचे खेळ

आवाज ओळखण्याचा खेळ म्हटला की हल्ली बहुतेक घरांत एकच प्रकार चालतो. मोबाइलच्या पडद्यावर चित्र येते, त्यातून वाघाची डरकाळी किंवा गाईचे हंबरणे ऐकू येते, मुलाने नाव सांगितले की मोठी माणसे टाळ्या पिटतात आणि पुढचे चित्र येते. यात मूल नावे पाठ करते, पण ऐकते फारच थोडे. एवढ्याशा स्पीकरमधून खर्जातला, घुमणारा आवाज नीट निघत नाही. तो कोणत्या बाजूने आणि किती लांबून आला, हे समजण्याची तर सोयच नसते. उलट स्वयंपाकघर, गोठा, गल्ली आणि शिवार यांत दिवसभर होणारे आवाज फुकट मिळतात आणि त्यांना दिशा, अंतर, चढउतार असे सगळे काही असते.

पुढे दिलेले खेळ साधारण तीन ते आठ वर्षांच्या मुलांसाठी आहेत. ते घरी, अंगणवाडीत किंवा पहिली-दुसरीच्या वर्गात घेता येतात. सगळ्या खेळांना एकच नियम लागू आहे: आवाज कसा आहे ते आधी सांगायचे, तो कशाचा आहे ते नंतर. नाव सांगण्याची घाई झाली की ऐकणे तिथेच संपते. ‘काहीतरी जड पडलं’, ‘आधी मोठा होता, मग विरत गेला’, ‘घासल्यासारखा वाटतोय’ असे मूल बोलू लागले, तर त्याचे शेवटचे उत्तर चुकले तरी खेळ साधला असे समजावे.

आधी शांतता

गोंगाटातून नेमका हवा तो आवाज वेगळा काढण्याची क्षमता लहान वयात पुरती विकसित झालेली नसते; शाळेच्या वयातही ती हळूहळू वाढत राहते. पंखा, टीव्ही आणि शेजारची पिठाची गिरणी एकदम चालू असताना मोठ्या माणसाला जे सहज कळते, ते चार वर्षांच्या मुलाला कळेलच असे नाही. म्हणून खेळाची वेळ सकाळची किंवा दिवेलागणीच्या आधीची ठेवावी, टीव्ही बंद करावा आणि शक्य असेल तर पंखाही थोडा वेळ थांबवावा. मराठवाड्यातल्या उन्हाळ्यात पंखा बंद ठेवणे जाचक होते, तेव्हा खेळ सरळ लिंबाच्या सावलीत न्यावा. वर्गाला पत्र्याचे छप्पर असेल आणि पाऊस सुरू झाला, तर ठरवलेला खेळ सोडून पावसाचाच खेळ करावा: सर वाढली की मुलांनी हात वर न्यायचे, ओसरली की खाली आणायचे.

सुरुवात करण्यासाठी मारिया माँटेसरी यांच्या पद्धतीतला शांततेचा खेळ आजही उत्तम आहे. मुलांना आरामात बसवावे, आपण त्यांच्या पाठीमागे दाराबाहेर जाऊन उभे राहावे आणि एकेकाचे नाव कुजबुजत्या आवाजात घ्यावे. ज्याला आपले नाव ऐकू आले, त्याने पावले न वाजवता उठून आपल्याकडे यायचे. पैंजण घातलेल्या मुलीला हे सर्वांत कठीण जाते आणि तिला त्यातच सर्वांत मजा येते. तीन वर्षांच्या मुलांसाठी अर्ध्या मिनिटाची शांतता पुरेशी असते. सरावाने ती दोन मिनिटांपर्यंत नेता येते. ‘शांत बसा रे!’ असे ओरडून शांतता मागण्याची आपली जुनी सवय इथे उपयोगाची नाही, कारण त्या खोलीतला सर्वांत मोठा आवाज तेव्हा आपलाच असतो.

डोळे मिटण्याची सक्ती करू नये आणि डोळ्यांवर पट्टी तर मुलाने स्वतः मागितल्याशिवाय बांधू नये. अंधाराची भीती वाटणारे मूल ऐकत नाही, ते फक्त पट्टी कधी सुटते याची वाट पाहते.

आवाजाचे शब्द

वर्णन करायचे तर शब्द हवेत, आणि आवाजांच्या शब्दांत मराठी भलतीच श्रीमंत आहे. पाणी खळखळते, पान सळसळते, बांगड्या किणकिणतात, दार करकरते, जाते घरघरते, माशा भणभणतात, खुळखुळा खुळखुळतो आणि रिकामे भांडे ठणठणते. हे शब्द घरातल्या आजीकडे भरपूर असतात. तक्ता करून पाठ करून घेण्यापेक्षा ते प्रसंगी वापरावेत: दार उघडताना ‘हे करकरलं की कुरकुरलं?’ असे विचारावे आणि दार पुन्हा एकदा उघडून बघावे. मुले स्वतःचे शब्दही तयार करतात. कुकरच्या शिट्टीसाठी एखाद्याने ‘फुस्कट’ असे काही म्हटले, तर ते दुरुस्त करण्याचे काही कारण नाही.

याच्या जोडीला चार जोड्या लवकर शिकवाव्यात: मोठा आणि हळू, जवळचा आणि लांबचा, चढा आणि खालचा, थांबणारा आणि चालू राहणारा. यांतील पहिली आणि तिसरी जोडी मुले हमखास गोंधळवतात. मोठा आवाज म्हणजे चढा आवाज असे त्यांना वाटते. संबळ हे त्यावरचे चांगले साधन आहे. त्यातल्या दोन वाद्यांपैकी एक चढे आणि एक खर्जाचे बोलते, आणि दोन्ही हळू किंवा जोरात वाजवता येतात. तुळजापूरच्या परिसरात किंवा घरच्या गोंधळात संबळ ऐकण्याची संधी मिळतेच. तेव्हा चढे बोलले की मुलाने हात डोक्यावर आणि खर्ज बोलला की गुडघ्यावर ठेवायचा, एवढा खेळ मांडीवर बसून होतो.

पडद्यामागचा आवाज

हा मुख्य खेळ आहे आणि तो घाईत उरकला जातो, म्हणून त्याच्या पायऱ्या नीट सांगतो.

पहिल्यांदा मुलाच्या ओळखीच्या चारच वस्तू निवडाव्यात: तांब्या आणि चमचा, काडेपेटी, जुना कागद, कुलूप आणि किल्ली. या वस्तू मुलासमोर ठेवून, काही न लपवता, प्रत्येकीचा आवाज ऐकवावा आणि मुलालाही करू द्यावा. न ऐकलेला आवाज ओळखायला लावणे म्हणजे न शिकवलेल्या धड्यावर परीक्षा घेणे होय.

मग बाज आडवी उभी करून तिच्यावर चादर टाकावी आणि तिच्यामागे बसावे. एक आवाज तीन-चार सेकंद करावा, थांबावा आणि तोच पुन्हा करावा. यानंतर मनातल्या मनात पाच अंक मोजेपर्यंत कोणाचेही उत्तर घेऊ नये. गटात दोन चुणचुणीत मुले लगेच ओरडतात आणि बाकीच्यांचे ऐकणे थांबते. ही पाच अंकांची उसंत त्या बाकीच्यांसाठी आहे. उसंत संपली की प्रश्न विचारावेत. वस्तू जड असेल की हलकी? धातूची की लाकडाची? एकच ठोका होता की पुन्हा पुन्हा? आदळली, घासली की हलवली? अशा दोन-तीन उत्तरांनंतर नाव विचारावे.

उत्तर काहीही आले तरी वस्तू वर काढून दाखवावी, आवाज पुन्हा करावा आणि ‘तुला तसं का वाटलं?’ असे विचारावे. कागद फाटण्याला एखादे मूल ‘पाल्यावर पाय’ म्हणते, आणि वाळलेल्या पाल्यावर चालून पाहिले तर ते फार चुकलेले नसते. ‘शाब्बास’ची खैरात करू नये. प्रत्येक बरोबर उत्तराला शाबासकी मिळाली की मुले उत्तराच्या मागे लागतात, आवाजाच्या नाही.

चार आवाज रुळले की मुलाला पडद्यामागे पाठवावे आणि आपण ओळखणारे व्हावे. माझ्या मते या खेळाचा खरा लाभ इथे सुरू होतो. कारण आवाज करणाऱ्याला तो किती जोरात, किती वेळ आणि कशावर आपटून करायचा हे ठरवावे लागते, आणि ते ठरवण्यासाठी तो आधी स्वतः ऐकावा लागतो.

पुढच्या आठवड्यात वस्तू बदलाव्यात: सुपात पाखडलेली ज्वारी, ताकातली रवी, दाराची कडी, पाट्यावरचा वरवंटा. भाकरीचा आवाज मात्र वेगळा घ्यावा, कारण त्यात एकाच कामाचे अनेक आवाज आहेत. पीठ मळताना परात जमिनीवर किंचित सरकते. थापायला घेतल्यावर गोळा जाड असतो तोवर थाप बोदी आणि दबकी येते. भाकरी पसरत पातळ होते, तळहात परातीच्या जवळ येतो आणि थाप कोरडी, टणक होत जाते. मग तव्यावर टाकून वरून पाणी फिरवले की चर्र होते. काठवटीत थापली तर हे सगळे अधिक मऊ ऐकू येते. चुलीकडे पाठ करून, सुरक्षित अंतरावर बसलेल्या मुलाला ‘भाकरी आता कुठवर आली?’ असे विचारावे. थोड्याच दिवसांत ते न बघता सांगू लागते.

डब्यांच्या जोड्या

एकाच मापाच्या, आतले न दिसणाऱ्या आठ लहान डब्या घ्याव्यात. मोहरी, ज्वारी, तुरीची डाळ आणि चिंचोके यांपैकी प्रत्येक जिन्नस दोन डब्यांत घालावा. डबी एक तृतीयांशाहून जास्त भरू नये, नाहीतर दाणे हलायला जागा राहत नाही. दोन्ही डब्यांत माप सारखेच असावे, नाहीतर जोडी कधीच जुळणार नाही. जोडीच्या डब्यांना तळाशी एकाच रंगाचा ठिपका द्यावा, म्हणजे बरोबर-चूक पाहायला मुलाला आपल्याकडे यावे लागणार नाही.

तीन वर्षांच्या मुलाला फक्त चिंचोके आणि मोहरी अशा दोन जोड्या द्याव्यात. ते जमले की ज्वारी मिसळावी. पाच-सहा वर्षांच्या मुलांसाठी तुरीची आणि हरभऱ्याची डाळ समोरासमोर ठेवली की कस लागतो. त्यानंतर डब्या भरड आवाजापासून बारीक आवाजापर्यंत ओळीने लावायला सांगाव्यात. सात-आठ वर्षांच्या मुलांपुढे तीच ज्वारी पत्र्याच्या, प्लास्टिकच्या आणि पुठ्ठ्याच्या डबीत भरून ठेवावी आणि आवाज ज्वारीचा की डबीचा, यावर त्यांना भांडू द्यावे.

झाकणे डिंकाने किंवा चिकटपट्टीने पक्की बंद करावीत, ही या खेळातली न टाळता येणारी अट आहे. लहान मुले दाणे तोंडात घालतात तसेच नाकात आणि कानातही घालतात. कानात डाळ किंवा हरभरा गेला तर पाणी किंवा तेल घालू नये, कारण कडधान्य ओलाव्याने फुगते आणि अधिक घट्ट बसते. पिन किंवा काडीने कोरू नये आणि थेट डॉक्टरांकडे न्यावे.

घागर भरतानाचा आवाज

पाण्याच्या आवाजासाठी वेगळे पाणी खर्च करण्याची गरज नाही. नळाला पाणी आले किंवा टँकर आला की घागरी भरतातच. घागर भरू लागते तेव्हा आवाज खोल आणि घुमणारा असतो. पाणी वर चढते तशी आत उरलेली हवेची पोकळी आखूड होत जाते आणि आवाज चढत चढत बारीक होतो. घरातल्या बाया बोलता बोलता, घागरीकडे न बघता नेमक्या वेळी नळ बंद करतात, ते याच चढत्या आवाजावरून. मुलाला घागरीकडे पाठ करून उभे करावे आणि ती भरायच्या अगदी आधी ‘बास’ म्हणायला सांगावे. सुरुवातीला ते अर्ध्यावरच ‘बास’ म्हणते. चारदोन घागरींनंतर अंदाज बसतो. मग घागरीऐवजी बादली घ्यावी. तोंड रुंद असल्याने बादलीचा आवाज इतका स्पष्ट चढत नाही आणि अंदाज पुन्हा चुकतो, तेव्हा कारण मुलालाच शोधू द्यावे.

सात-आठ वर्षांच्या मुलांसाठी याचा पुढचा भाग काचेच्या बाटल्यांचा आहे. एकसारख्या तीन बाटल्यांत कमी, मध्यम आणि जास्त पाणी भरावे. चमच्याने हळूच ठोकल्यावर सर्वांत जास्त पाण्याची बाटली सर्वांत खालचा स्वर देते. आता त्याच बाटल्यांच्या तोंडावरून आडवी फुंकर मारावी: या वेळी सर्वांत जास्त पाण्याची बाटली सर्वांत चढा स्वर देते. ठोकल्यावर काच आणि पाणी कंप पावतात, पाणी वाढले की वजन वाढून कंप मंदावतो. फुंकल्यावर मात्र आतली हवा कंप पावते, आणि पाणी जास्त म्हणजे हवा थोडी. हे कारण लगेच सांगू नये. आधी मुलांनी क्रम उलटा झाल्याचे स्वतःच्या कानांनी पकडावे. ते पकडताना त्यांचे चेहरे बघण्यासारखे होतात.

आवाज कुठून आला

मुलाला अंगणाच्या मध्यभागी बसवावे, डोळे मिटायला सांगावे आणि वेगवेगळ्या बाजूंनी हळूच टाळी वाजवावी. मुलाने आवाजाच्या दिशेने बोट दाखवायचे. डावी आणि उजवी बाजू सहज जमते. एका बाजूने आलेला आवाज जवळच्या कानाला किंचित आधी आणि किंचित मोठा पोचतो. हा वेळेचा फरक सेकंदाच्या हजाराव्या भागापेक्षाही कमी असतो, तरी मेंदू तो टिपतो. आवाज बरोबर समोरून किंवा बरोबर पाठीमागून आला तर मात्र दोन्ही कानांना तो एकाच वेळी पोचतो, आणि मोठ्यांचीही फसगत होते. तेव्हा मुलाला डोके थोडे वळवून ऐकायला सांगावे, उत्तर सुधारते. ही युक्ती त्याला सापडू दिली तर अधिक बरे.

हे रुळले की टिकटिक करणारे गजराचे घड्याळ घरात लपवावे आणि कानाच्या आधाराने शोधायला सांगावे. घड्याळ उघड्या जमिनीवर, गोधडीत आणि पत्र्याच्या पेटीत असे तीन ठिकाणी लपवले, तर कापड आवाज गिळते आणि पेटी तो घुमवते, हेही कळते. आंधळी कोशिंबीर हा याचाच जुना, धावता अवतार आहे. तो खेळताना पकडलेल्या गड्याने फक्त खाकरायचे आणि तेवढ्यावरून त्याला ओळखायचे, अशी अट घातली की रंगत वाढते.

आवाजांचा क्रम लक्षात ठेवण्याचा खेळ थोडक्यात सांगण्यासारखा आहे: दोन आवाज एकामागून एक करावेत आणि मुलाने तेच त्याच क्रमाने करून दाखवावेत. चौथ्या वर्षी दोन आवाज, सहाव्या वर्षापर्यंत तीन किंवा चार. त्याहून पुढे ओढू नये.

श्रवणफेरी

फेरीला निघण्याआधी एक आवाज मनात ठेवून निघावे. ‘आज टिटवी शोधायची’ असे ठरले की मुले कान लावून चालतात. नुसते ‘सगळं ऐका’ म्हटले की गप्पा मारतात. पंधरा-वीस मिनिटांची फेरी पुरते. दर थांब्यावर मिनिटभर उभे राहावे आणि प्रत्येक वेगळ्या आवाजाला एकेक बोट दुमडावे. परत आल्यावर कागदाच्या मधोमध आपली जागा म्हणून टिंब काढावे आणि ऐकलेले आवाज ज्या बाजूला आणि जितक्या लांब होते तिथे चित्राने किंवा रेघोट्यांनी मांडावेत. लिहिता न येणाऱ्या मुलांचे नकाशे पुष्कळदा जास्त चांगले असतात, कारण ती वस्तूचे चित्र न काढता आवाजाचेच काढतात: टोकेरी, वळणदार, तुटक.

शिवारात ऐकण्याला ऋतू आहेत. उन्हाळ्यात आमराईत कोकिळेची ‘कुहू’ चढत जाते. गाणारा तो नर असतो आणि मादीचा आवाज ‘किक किक’ असा तुटक असतो, हे मुलांना सांगावे आणि दोन्ही ओळखायला लावावेत. तांबट पक्षी भर दुपारी वड-पिंपळावर ‘टुक, टुक’ असा ठरावीक अंतराने ठोका देत राहतो, त्यावर टाळ्यांचा ताल धरता येतो. मृगाच्या सुमारास पावशा ओरडू लागतो आणि त्याच्या ओरडण्यात शेतकऱ्याला ‘पेरते व्हा’ ऐकू येते. मुलांना आधी तो ऐकवावा, ‘काय म्हणतोय?’ असे विचारावे आणि आपले उत्तर शेवटी सांगावे. पावसाळ्यात बीड जिल्ह्यातल्या पाटोदा तालुक्यातील नायगाव मयूर अभयारण्याच्या बाजूला मोरांचे ओरडणे ऐकू येते. मोर नाचतो हे माहीत असलेल्या पण तो कधी न ऐकलेल्या मुलांना तो आवाज मांजराचा वाटतो. रात्री अंगणात रातकिडे असतात. नर पंखांवर पंख घासून तो आवाज काढतो आणि जवळ गेले की एकदम गप्प होतो. म्हणून त्याला शोधायचे तर चार पावले चालायचे आणि थांबायचे, असेच जावे लागते.

लातूर आणि धाराशिवकडे वेळ अमावास्येला सगळे घर शेतात जाते. श्रवणफेरीसाठी वर्षातला याहून सोयीचा दिवस नाही. ज्वारी उभी असते. तिच्या पानांतून वारा गेला की सळसळ होते आणि शेजारच्या हरभऱ्याच्या रानात त्याच वाऱ्याचा आवाज जवळजवळ होत नाही. कडब्याच्या कोपीत शिरले की बाहेरचे बोलणे दबते. आंबील ओरपण्याच्या आवाजाला त्या दिवशी कोणी रागावत नाही, त्यामुळे तोही यादीत धरावा.

पोळ्याला घुंगरमाळांवरून आपला बैल ओळखता येतो का ते पाहावे. हलगी वाजण्याआधी वाजवणारे ती जाळावर शेकतात. कातडे ताणले जाऊन तिचा आवाज चढा आणि खणखणीत होतो. शेकण्याआधी एक थाप आणि नंतर एक थाप ऐकवण्याची विनंती केली तर बहुतेक कलावंत आनंदाने ऐकवतात. जालना, परभणी, नांदेड या लोहमार्गावरच्या गावांत फाटकापासून सुरक्षित अंतरावर उभे राहून न थांबता जाणाऱ्या गाडीचा भोंगा ऐकावा: गाडी येताना तो चढा असतो आणि पुढे निघून जाताना एकदम उतरतो.

वेरूळला गेलात तर दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात, म्हणजे दगडी कमानीच्या छताच्या बौद्ध चैत्यगृहात, मुलांना थोडा वेळ थांबवावे. आधी बाहेरच्या अंगणात हळूच ‘आ’ म्हणावे आणि मग आत. आत तो स्वर तोंड मिटल्यावरही काही काळ रेंगाळतो. ओरडण्याची गरज नाही. गुणगुणण्याने काम होते आणि इतर पर्यटकांना त्रासही होत नाही. गर्दीआधी, सकाळी लवकर जावे. वेरूळ मंगळवारी बंद असते.

वळवाच्या दिवसांत पक्क्या घरात बसून विजेचा खेळ खेळता येतो. वीज चमकली की अंक मोजायला लागावे आणि गडगडाट ऐकू आला की थांबावे. आवाज सेकंदाला सुमारे 340 मीटर जातो, म्हणजे दर तीन सेकंदांना साधारण एक किलोमीटर. मोजणी लहान होत गेली तर वीज जवळ येत आहे. हा खेळ शेतात, झाडाखाली किंवा उघड्यावर मुळीच खेळू नये.

आवाजाकडून अक्षराकडे

कान तयार झाला की तोच खेळ शब्दांकडे वळवावा. वाचायला शिकताना शब्द तुकड्यांत ऐकू येणे फार महत्त्वाचे असते, आणि ते पाटी हातात येण्याआधी सुरू करता येते. प्रथम टाळ्या: ‘को-कि-ळा’ला तीन, ‘ज्वा-री’ला दोन. इथे शिक्षकांनी सांभाळण्याची गोष्ट अशी की ‘कापूस’ लिहिताना तीन अक्षरे असली तरी बोलताना ‘का-पूस’ असे दोनच तुकडे पडतात. मुलाने दोन टाळ्या दिल्या तर त्याचा कान बरोबर आहे. लेखनातली अक्षरे मोजून त्याला चुकीचे ठरवू नये.

पुढची पायरी पहिल्या आवाजाची. गावांच्या भेंड्या त्यासाठी सोप्या वाटतात, पण आपल्याकडे शेवटच्या अक्षरावर भेंड्या लावल्या की लातूर, जिंतूर, देगलूर, उदगीर, तुळजापूर असे सगळे ‘र’वर येऊन अडकतात, आणि परभणीनंतर तर ‘ण’ येऊन खेळच संपतो. त्याऐवजी पहिल्या आवाजावर लावावे: परभणी, पाथरी, पैठण, परळी, परतूर, पूर्णा, पाटोदा, परंडा. सात-आठ वर्षांच्या मुलांना ‘जालना’ आणि ‘जिंतूर’ एकामागून एक म्हणायला लावावे आणि दोन्हींतला ‘ज’ सारखाच आहे का ते विचारावे. लिहिण्यात सारखा असलेला ‘ज’ त्यांना कानाने वेगळा लागतो.

शेवटी जवळजवळच्या आवाजांच्या जोड्या घ्याव्यात: गाल आणि गाळ, वेल आणि वेळ, दार आणि धार, मन आणि मण. तोंडावर सूप धरून, म्हणजे ओठ दिसणार नाहीत असे, यांपैकी एक शब्द म्हणावा आणि मुलाने त्याच्या चित्राकडे किंवा वस्तूकडे बोट दाखवावे. घरी ‘पानी’ म्हणणाऱ्या मुलाला हसू नये. कानाला फरक कळणे आणि जिभेने तो करणे या निरनिराळ्या गोष्टी आहेत, आणि कान पुढे असतो. तांड्यावरून येणाऱ्या मुलाची घरची भाषा गोरमाटी (बंजारा) असते, कुणाची दखनी उर्दू, देगलूर-बिलोलीकडे कुणाची तेलुगू, उमरग्याकडे कन्नड. अशा वर्गात पडद्यामागचा खेळ सर्वांत न्याय्य ठरतो, कारण कुलपाचा आवाज सगळ्या भाषांत सारखा असतो. तोच आवाज तुमच्या घरी कोणत्या शब्दाने सांगतात, असे प्रत्येकाला विचारले की एकाच कुलपाचे चार आवाज वर्गात जमा होतात.

कानांची काळजी आणि तपासणी

थाळी, शिट्टी किंवा झांज मुलाच्या कानाजवळ वाजवू नये. मागून दचकवण्याचे खेळ या वयात नकोत. जागतिक आरोग्य संघटनेने मुलांसाठी सुरक्षित ऐकण्याची मर्यादा 75 डेसिबल, आठवड्याला 40 तास अशी सांगितली आहे. मिरवणुकीतल्या डीजेच्या भिंतीजवळ ही मर्यादा फार लवकर ओलांडली जाते, तेव्हा लेकराला खांद्यावर घेऊन तिथे उभे राहू नये.

हे खेळ म्हणजे कानांची तपासणी नव्हे, पण खेळताना काही गोष्टी लक्षात येतात. एखादे मूल दिशा सातत्याने एकाच बाजूला चुकते, कुजबुज कधीच पकडत नाही, टीव्ही मोठा करते, पुन्हा पुन्हा ‘काय?’ विचारते किंवा बोलणाऱ्याच्या तोंडाकडेच बघत राहते. सर्दीनंतर कानाच्या पडद्यामागे पाणी साचून काही आठवडे कमी ऐकू येणे लहान मुलांत बरेच आढळते आणि अशा मुलाला घरी ‘ऐकत नाही, हट्टी आहे’ असे म्हटले जाते. कान वाहत असेल तर लसूण घालून कोमट केलेले तेल सोडण्याचा घरगुती उपाय करू नये. 2013 मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाची पथके अंगणवाड्यांत वर्षातून दोनदा आणि सरकारी शाळांत एकदा तपासणीसाठी येतात. त्यांना ही निरीक्षणे नेमक्या शब्दांत सांगावीत. पुढची तपासणी जिल्हा शीघ्र हस्तक्षेप केंद्रात मोफत होते. पथक येण्याची वाट पाहण्यासारखी स्थिती नसेल तर सरळ कान-नाक-घसा तज्ज्ञांकडे जावे.

तोवर त्या मुलाला खेळातून बाजूला काढू नये. त्याला पडद्यामागे बसवून आवाज करण्याचे काम द्यावे, हलगी किंवा डब्यावर हात ठेवून कंप जाणवू द्यावा, डोळे मिटायला सांगू नये आणि वर्गात शिकवणाऱ्याचा चेहरा समोरून दिसेल अशी जागा द्यावी.